भासऱ्यापुढची मान

मेघाच्या हातातली धानाच्या रोपांची, पऱ्ह्यांची, जुडी चिखलात पडली, ती तिनं उचललीच नाही. खांद्यानं कानाशी दाबलेल्या फोनवर नवरा, विनोद, हसून राहिला होता.

"पैसे कायचे? पोटगी संपली तुही. साहेबापुढं तूच तं मान हलवली!"

फोन बंद झाला. बाजूला रोवणा करणाऱ्या आनंदाबाईनं वाकल्या वाकल्या विचारलं, "काहून व, कोन मेलं?"

"मीच," मेघा म्हणाली, अन् धानाच्या बांधीत, चिखलातच, मटकन बसली.

विनोद नागपुरात दुसरी बाई करून राहत होता. कोर्टानं मेघाला पोटगी बांधून दिली होती. माहेरी तिची अन् म्हाताऱ्या मायची, गोदावरीबाईची, चूल त्यावरच पेटे. उन्हाळ्यात तिचा भासरा, म्हणजे विनोदचा मोठा भाऊ मधुकरराव, दारात येऊन बसला. भावसुनेशी तो थेट कसा बोलणार? गोदावरीबाईकडं तोंड करून म्हणाला, "मामी, तडजोड करून टाकू. धान कापनं झालं का विनोद तिले नांदवाले नेते. साहेबापुढं नुसतं हो म्हनाचं हाय." पाठोपाठ टेम्पोतून शिलाई मशीन आली. सासरची भेट म्हणून म्हातारीनं मशीनला हळदकुंकू लावलं.

झाडीपट्टीत बाई भासऱ्यापुढं बोलत नाही. डोक्यावर पदर, मान खाली, तो उठून जाईपर्यंत. लग्न झाल्यापासून मेघाचा आवाज मधुकररावाच्या कानी पडला नव्हता. कोर्टात तो हातभर अंतरावर उभा राहिला. जज्जसाहेबांनी काहीतरी वाचलं, विचारलं, "मान्य आहे का?" तिला फक्त भासऱ्याची वहाण दिसत होती. खाली असलेली मान आणखी खाली गेली. बोट दाखवलं तिथं तिनं सही केली.

अन् नांदवणं त्या कागदात नव्हतंच. त्या मशीनच्या बदल्यात तिनं जन्माची पोटगी सोडली, असं लिहिलं होतं.

मेघाच्या बाजूनं खुशबू वकीलबाईंनी तडजोडीविरुद्ध अर्ज टाकला, पण आधीच सांगून ठेवलं, "मी किती बोलले तरी तुमचं हो तिथं लिहिलेलं आहे. फसवलं कोणी, कसं, ते तुमच्याच तोंडून आलं पाहिजे."

"भासरा राहील का तिथं?" मेघानं विचारलं.

"राहणारच."

गोदावरीबाई वाटभर कुरकुरली. "विनोदचं नाव घे पाहिजे तं. भासऱ्याचं नको घेऊ व. लोकं थुकतीन."

तारखेला मधुकरराव पांढरी टोपी घालून आला अन् मुद्दाम तिच्या बाजूलाच उभा राहिला. पदर आपसूक कपाळावर उतरला. साहेबांनी विचारलं, "तुम्हाला काय सांगून आणलं होतं?"

मेघाची नजर खाली गेली. तीच वहाण, तोच अंगठा. बाजूला मधुकरराव हळूच खाकरला. त्या खाकरण्यात घरचा सारा धाक होता.

"बाई, बोला. नाहीतर मी पुन्हा हो समजू?"

मेघानं पदर मागं ढकलला. "नांदवाले नेतो म्हनून आनलं. मशीन भेट हाय म्हनून देल्ली."

"कोणी सांगितलं?"

"यानं. मधुकरनं."

राव नाही, काही नाही. मागच्या बाकावर गोदावरीबाईनं "व माय!" म्हणत तोंडावर हात मारून घेतला. मधुकररावाची टोपी कलली, ती सावरायचं त्याला सुचलं नाही. मुक्या बैलानं एकाएकी शिंग लावावं तसा तो तिच्याकडं पाहत राहिला.

"हे बोलते?" त्यानं आपल्या वकिलाला विचारलं.

वकील उलटतपासणीला उठला, पण आता मेघा थांबत नव्हती. विनोदचा फोन, टेम्पो, धान कापल्यावर नेण्याचा वायदा, सारं तिनं मान वर ठेवून सांगितलं. साहेबांनी मधुकररावाला विचारलं, "असं बोलला होतात?" तो अजून तिच्याच तोंडाकडं पाहत होता. "बोललो," त्याच्या तोंडून निघून गेलं.

साहेबांनी तडजोड रद्द केली. पोटगी पहिल्यासारखी चालू.

पायऱ्या उतरताना गोदावरीबाई म्हणाली, "जिंकली हो, पन नाव घेतलं तू."

"घेतलं," मेघा म्हणाली. "ते मशीन टेम्पोत टाकून धाडून दे त्याले. चाल, बस जाऊन राहिली."