पाणी न पिणाऱ्या बायकांची मंडई

मंडईत उरलेली भाजी संध्याकाळी गाईला घालता येते. उरलेले किस्से कुठे घालायचे? ते साचत जातात. आमच्याकडे तर इतके साचलेत, की गिऱ्हाईक हार घ्यायला येतं, किस्सा ऐकतं आणि हार गाळ्यावरच विसरून जातं!

माझा हार-फुलांचा गाळा आहे. मंडई ठाण्यापासून शहाडपर्यंत कुठलीही धरा, नाव सांगणार नाही. मला अजून धंदा करायचाय. हार मी सगळ्या पार्ट्यांना विकते. त्यामुळे निवडणुकीत कोण जिंकणार असं कुणी विचारलं, की मी सांगते, "मी!"

माझ्या एका बाजूला शैला बसते. मूळची साताऱ्याकडची. लिंबू, मिरची, आलं विकते आणि तोंडात माल तोच. दुसऱ्या बाजूला बायजाआत्या. इथल्याच जुन्या आगरी घरातली. पालेभाजी विकते आणि लग्नात धवले गाते. धवले म्हणजे आगऱ्यांची लग्नातली गाणी. ती गाणारी धवलारीण आल्याशिवाय मांडवात काही हलत नाही. नवरदेवाचा बाप एक वेळ उशिरा आला तर चालतो, धवलारीण नाही!

तर या मंडईत सगळं होतं. छप्पर होतं, लाईट होती, गणपती होता, सीसीटीव्हीसुद्धा होता. बायकांना जायला जागा तेवढी नव्हती. पुरुषांना मागची भिंत होती. आम्ही सकाळी घरून जाऊन यायचो, ते थेट संध्याकाळी घरीच. मधे उपाय एकच, पाणी प्यायचं नाही.

शैला यापायी दोनदा ॲडमिट झाली. लघवीचं इन्फेक्शन. डॉक्टर म्हणाले, "आता पुन्हा झालं तर किडनीवर जाईल. एक तर पाणी प्या, नाहीतर तिथे बसणं सोडा." बसणं कसं सोडणार? नवरा वारलेला, दोन्ही मुली शिकतायत. आज हसत सांगते मी हे, पण तेव्हा दुपारी ओठ सुकवून बसलेल्या शैलाकडे मला बघवायचं नाही.

*

एकदा एका मंडळाने मंडईत आरोग्य शिबिर ठेवलं. मोफत तपासणी, वर एक केळं. डॉक्टरीणबाई तरुण होती, गोड होती. प्रत्येक बाईला एकच सांगत होती, "मावशी, पाणी कमी पडतंय. भरपूर पाणी प्या."

स्वतः पण पीत होती बिचारी. मोठी बाटली घेऊन बसलेली.

दुपार व्हायला आली तशी तिची चुळबुळ सुरू झाली. शेवटी माझ्या कानाशी येऊन हळूच म्हणाली, "ताई, इथे वॉशरूम कुठे आहे?"

मी काही बोलायच्या आत शैला पलीकडून ओरडली, "मॅडम, भरपूर पाणी प्या!"

अख्खी लाईन हसली. मग शैलानेच तिला रिक्षात घातलं आणि ओळखीच्या घरी नेऊन आणलं. परत आल्यावर डॉक्टरीणबाईने पाण्याचं नाव काढलं नाही. केळी मात्र सगळ्यांना दोन-दोन दिली.

*

मधली काही वर्षं तर पालिकेच्या निवडणुकाच झाल्या नाहीत. जो तो नगरसेवक 'माजी'. आमच्या वॉर्डातला माजी म्हणजे दादूस. आगरी लोक मोठ्या भावाला दादूस म्हणतात, आणि हा सगळ्या वॉर्डाचाच भाऊ. माणूस वाईट नाही. गळ्यात साखळी जाड, मन मऊ. पण काहीही मागा, हात वर करून एकच म्हणायचा, "झालं समजा!" झालेलं कधी काही दिसायचं नाही.

शैला बायकांसाठी संडास मागायला त्याच्याकडे गेली तर त्या वर्षांत तो 'झालं समजा'सुद्धा म्हणेना. "ताई, मी आता माजी आहे. माझ्या हातात काय?"

चार दिवसांनी हेच महाराज लिंबं घ्यायला आले. गर्दी होती. सवयीने सगळ्यांना बाजूला सारत पुढे घुसले आणि हात पुढे केला.

शैलाने वरसुद्धा बघितलं नाही. "माजी ना तुम्ही? मग लाइनीत या."

आणि गेला की हो लाइनीत! मुकाट्याने, एका शाळकरी मुलीच्या मागे. त्या दिवशी मला पहिल्यांदा वाटलं, की आपलं काम होणार.

*

तेवढ्यात पालिकेतून एक इंजिनीअर पाहणीला आला. नवा बूट, नवी फाइल. मंडईभर फिरला आणि म्हणाला, "इथे डिमांड दिसत नाही. मी सकाळपासून बघतोय, एकही लेडीज कुठे जाताना दिसली नाही."

याला काय सांगायचं आणि कुठून सुरुवात करायची? बायजाआत्याने मेथीची जुडी खाली ठेवली.

"दिसली असती तं पयली बोंब तूच मारली असतीस रं!"

तो लाल झाला. फाइल उघडली, बंद केली. शेवटी विचारलं, "मग जागा कुठे धरायची, आत्या?" आत्या उठली आणि त्याला मंडईच्या मागच्या कोपऱ्यात घेऊन गेली. जुने क्रेट पडले होते तिथे. त्याने तिथेच उभं राहून माप घेतलं.

*

मग निवडणूक लागली एकदाची! अहाहा! ज्यांना आम्ही कधी दिसलो नव्हतो, त्यांना आम्ही अचानक माता-भगिनी दिसायला लागलो. एका वहिनींनी मिस्टरांच्या प्रचारासाठी हळदीकुंकू केलं आणि वाण काय दिलं? पाण्याची बाटली! वर मिस्टरांचा हसरा फोटो.

बायजाआत्याने झाकणाला भोकं पाडली आणि त्या बाटलीने माठाच्या भाजीवर, मेथीवर पाणी शिंपडायला सुरुवात केली. मग सगळ्यांनीच तसं केलं. संध्याकाळी मिस्टर आले. गाळ्यागाळ्यावर आपला फोटो बघून खूश! म्हणाले, "वा, सगळ्या वापरतायत!"

शैला म्हणाली, "तर! भाजीला जायला लागत नाही ना कुठे."

मिस्टरांचा फोटो हसतच होता. मिस्टर नव्हते.

*

आता दादूसचं ऐका. आगऱ्यांच्या हळदीला उमेदवार जाणार नाही असं होतच नाही. वऱ्हाड, बेंजो, मटण, आणि माईकवरून नाव पुकारलं जातं ते वेगळंच. एवढी मतं एका जागी दुसरीकडे कुठे मिळणार? दादूस एका दिवसात पाच-सहा हळदी करायचा. कपाळावरची एक पुसायची, पुढच्या मांडवात जायचं.

गावातल्या एका हळदीला आम्ही सगळ्या मंडईवाल्या होतो. दादूस आला, टाळ्या झाल्या, खुर्ची मिळाली. धवले चालू होते. बायजाआत्या एकेका देवाला लग्नाला बोलावत होती. देव संपले, कुलदैवत झालं, गावदेवी झाली. आणि त्याच चालीत तिने गायलं, की गावदेवी विचारते, मंडईतल्या माझ्या लेकींना आडोसा कोण बांधून देतो?

आणि थांबली. धवलारीण थांबली म्हणजे सगळं थांबलं. हळदीची वाटी तशीच. नवरदेव पाटावर. बेंजोवाला हात वर धरून. आत्या दादूसकडे बघतेय, आणि अख्खा मांडव आत्याकडे.

दादूसची सवय आडवी आली. हात आपोआप वर गेला आणि माईकवर घुमलं, "झालं समजा!"

आत्या उठली. वाटीतली हळद घेतली आणि त्याच्या दोन्ही गालांना चांगली चोळून लावली. कपाळावरचा टिळा नव्हे, पुसता येणार नाही अशी.

"हलद लागली का लगीन मोडत नाय, दादूस!"

मांडवातला प्रत्येक मोबाईल वर होता. दुसऱ्या दिवशी ते पिवळं थोबाड विठ्ठलवाडीपर्यंत पोचलं. लोक त्याला रस्त्यात थांबवून विचारायचे, "लगीन कधी?" दादूस निवडून आला. मत मीही त्यालाच दिलं, खोटं कशाला बोलू!

*

काम सुरू झालं तर वेगळाच घोळ. कॉन्ट्रॅक्टरने दरवाजा काढला पानटपरीच्या बरोबर समोर. म्हणजे आत कोण गेलं, किती वेळ लागला, सगळी बातमी टपरीवर! मंडई कमिटीचा अध्यक्ष म्हणाला, "आता विषय निघालाच आहे तर रीतसर मतदान घेऊ. दरवाजा फिरवायचा असेल त्यांनी हात वर करा."

बायजाआत्याने दोन्ही हात वर केले.

"आत्या, एका माणसाला एकच मत."

"यो माझा, नि यो दुधीवाल्या गंगूचा. तिचे गाल्यावर गिऱ्हाईक हाय."

"असं चालत नाही. गंगूबाईंनी स्वतः यायला पाहिजे."

"मंग थांब ती येईपर्यंत," आत्या म्हणाली आणि हात खाली न घेता तशीच उभी राहिली.

अध्यक्ष थांबला! गंगूचं गिऱ्हाईक दुधी निवडतंय, नखं लावून बघतंय, भाव करतंय, आणि कमिटी आत्याच्या हातांकडे बघत उभी. गंगू आली, हात वर केला, तेव्हा कुठे आत्याचा एक हात खाली आला.

दरवाजा फिरला.

*

उद्घाटनाचा दिवस. मंडईला तोरणं, माईक, फोटोग्राफर, दरवाज्याला लाल रिबीन. सगळे हार माझ्याकडचे. दादूस इस्त्रीचा पांढरा सदरा घालून, कात्री हातात घेऊन उभा. आणि शैला पहिल्या रांगेत. सकाळपासून पाणी पीत होती. घोटभर नव्हे, चांगला तांब्या-तांब्या, गाळ्यावर बसून, सगळ्यांच्या देखत. इतक्या वर्षांत मी तिला मंडईत पाणी पिताना बघितलं नव्हतं. मला रडू येत होतं, आणि हारातली फुलं मोजायचं नाटक करत मी ते लपवत होते.

अध्यक्षाचं भाषण झालं. मग उपाध्यक्षाचं. मग दादूसने माईक घेतला. "लोकशाही म्हणजे काय?" अशी सुरुवात केली. मग लोकशाही, मग माता-भगिनी, मग आपले वडील, मग पुन्हा लोकशाही.

शैला खुर्चीत सारखी या बाजूवरून त्या बाजूला. मी खुणेने विचारलं. तिने खुणेनेच सांगितलं, नाही निभत.

आणि उठली. सरळ चालत गेली. रिबीन हाताने तोडली, आत गेली आणि आतून कडी लावली.

दादूस लोकशाहीच्या मधेच थांबला. फोटोग्राफरने कॅमेरा खाली केला. टपरीवाल्याने रेडिओसुद्धा बंद केला.

आतून फ्लशचा आवाज आला. दादूसच्या हातातल्या माईकने तो अख्ख्या मंडईला ऐकवला.

पहिली टाळी बायजाआत्याची. मग जी टाळ्यांची सर आली, की कबुतरं उडाली! बायका शिट्ट्या मारत होत्या. मी हार तिथेच टाकला आणि मोकळेपणाने रडले.

कडी निघाली. शैला बाहेर आली. पदराला हात पुसले, डोक्यावरून नीट घेतला, आणि सगळे आपल्याकडेच बघतायत म्हटल्यावर पुन्हा आपल्या खुर्चीत जाऊन ऐसपैस टेकून बसली.

"हां दादूस," ती म्हणाली, "बोला आता. मी निवांत ऐकते."