ढोलीसमोर बाबा

जंगलाची फिल्म करायची म्हणजे पाठलाग करायचा, असं लोकांना वाटतं. मी बसते. एक जागा धरायची आणि जंगलाला आपला विसर पडेपर्यंत तिथंच कुजायचं, ही माझी पद्धत. या पद्धतीला माझ्याइतक्या शिव्या दुसऱ्या कोणी घातल्या नसतील.

त्या उन्हाळ्यात देवासच्या दक्षिणेला, सागाच्या जंगलात, एका मोहाच्या ढोलीत धनेशाची मादी बसली होती. अंडी घालायच्या वेळी ही मादी स्वतःला आत लिंपून घेते, चोच बाहेर येईल एवढीच फट ठेवते. पुढे कित्येक दिवस नर भरवील तेच खायचं. समोर माझा लपायचा कापडी तंबू. त्यात दोघांनी शिरायचं आणि एकानं निघून जायचं. पक्ष्याला हिशेब येत नाही, त्याला वाटतं माणसं गेली.

निघून जाणारा माणूस म्हणून मी बाबांना नेलं. निवृत्त मास्तर. आई गेल्यापासून घरात नुसत्या फेऱ्या मारायचे. म्हटलं, तेवढाच बदल. आता आमच्या घरची रीत अशी, की कोणी निघालं की ते दिसेनासं होईपर्यंत जागचं हलायचं नाही. मग ते माणूस इंदूरला भाजी आणायला का जाईना. बाबा तंबूतून बाहेर पडले, समोरच्या सागाखाली गेले, वळले आणि उभे राहिले. तंबू काही दिसेनासा होणार नव्हता, तेव्हा बाबाही हलणार नव्हते.

नर आला. चोचीत उंबर धरून पलीकडच्या फांदीवर बसला, बाबांना पाहिलं आणि तिथंच थांबला. हाक मारावी तर तो बिथरणार. बाहेर पडावं तर तंबूत माणूस असतो हे त्याला कळणार, म्हणजे या तंबूतून पुन्हा काही टिपायला नको. फोनला रेंज नाही. कापड तापलेलं, पाय बधिर, मान वर करायलाही जागा नाही. नर उडून गेला, परत आला, पुन्हा तसाच थांबला. फटीतून चोच बाहेर यायची, उघडायची आणि रिकामीच आत जायची. ती आमच्यामुळं उपाशी होती. मला बाबांचा इतका राग आला की रडू फुटलं.

शेवटी मी चेन उघडून बाहेर आले. नर भुर्रकन उडाला. फिल्म गेली, हे मला तिथंच कळलं.

"बाबा, जा म्हटलं होतं ना तुम्हाला?"

"निघालोच होतो," ते म्हणाले. "पण तू आत राहिलीस, चेन लावलीस, मग आवाजच नाही. तुझ्या आईलाही असंच आत नेलं होतं. नर्स बोलली, टाइम लागेल, तुम्ही चाय पिऊन या. मी गेलो ना गं."

हे त्यांनी मला कधीच सांगितलं नव्हतं. त्यांचा हात धरून मी त्यांना नाल्यापलीकडे, बांबूंच्या आड नेलं आणि आम्ही दोघं खाली बसलो.

बऱ्याच वेळानं नर परतला. फटीतून चोच बाहेर आली, उंबर आत गेलं, मग आणखी एक. कॅमेरा तंबूतच राहिला होता. मी उठायला लागले, तर बाबांनी हात सोडला नाही.

"सबर कर," ते म्हणाले. "जेवू दे तिला."