साडभाऊंनी कापलेली टेप

चोर-चाकूबाजांना घरी बोलावून पोटभर जेवू घालणारा आमच्या साडभाऊंसारखा सज्जन नागपुरात दुसरा झाला नाही. साडभाऊ म्हणजे माझ्या बायकोच्या बहिणीचा नवरा. मी चौथी नापास, नागपूरच्या महाल भागात सायकली दुरुस्त करणारा. पण माणूस मला कळतो, आणि हा माणूस कळायला माझी अर्धी हयात गेली. नोकरी कचेरीत, जीव टेपरेकॉर्डरात. जुन्या नागपुरातले जुगारी, पाकिटमार, चाकूबाज आणि त्यांच्यामागे धावलेले हवालदार, सगळ्यांचे आवाज बशीएवढ्या चकत्यांच्या टेपवर धरायचे आणि त्यावरून नट-नट्यांशिवायचा खराखुरा सिनेमा काढायचा, हे एकच वेड.

आवाज धरायचा म्हणजे ऐन मे महिन्यात पंखा बंद. घड्याळ गादीत गुंडाळायचं. मेहुणीने फोडणी द्यायची नाही. पाहुण्याला आधी सावजी मटण. त्यामुळे एक पाकिटमार बोलता बोलता झोपला आणि टेप संपेपर्यंत घोरला. मी म्हटलं, "हे तरी कापा गा." तर म्हणाले, "काहून कापू? घोरणंबी त्याचंच आहे ना!" कोणाचा आवाज कापणं म्हणजे त्याची जीभ कापणं, असा त्यांचा हिशेब. सिनेमा वर्षानुवर्षे लांबत गेला. मेहुणी म्हणायची, "तुमचा सिनेमा होईस्तोवर सारे चोर मरून जातीन."

तिचं म्हणणं थोडं खरं झालं. इतवारीत एक म्हातारा चाकूबाज होता, उस्ताद म्हणत त्याला. तो घर सोडेना म्हणून साडभाऊ मशीन घेऊन त्याच्या घरी गेले. जुगारात चाकू कसा चालवला, जेल कशी भोगली, सुटल्यावर कसा रडलो, सगळं त्याने सांगितलं आणि पुढे तो वारला. सिनेमाचा जीव तोच. सिनेमा एकदाचा झाला, हॉल ठरला, आणि उस्तादची बायको साडभाऊंच्या दारात उभी.

"भाऊ, पोरीचं उमरेडले जुळलं. त्याइले जेलचं माहीत नाही. सिनेमा पाहाले थेबी येऊन राहिले. तेवढं काढा."

"वहिनी, उस्तादनं सोता सांगतलं. मन मोकळं करून गेला माणूस."

"त्याचं मन मोकळं झालं, भाऊ. पोरगी मले नांदवाची हाय."

साडभाऊंनी उस्तादची टेप मशीनवर चढवली. मग ब्लेड घेतलं आणि जेलचा तुकडा कापला. पण त्या जागी दुसऱ्याचा आवाज बसवायला ते काही तयार झाले नाहीत. तेवढा वेळ पडदा काळा, आवाज बंद. हॉलमध्ये पोरं ओरडली, "लाइट गेली काय बे!" शेजारी बसलेले उमरेडचे व्याही मला म्हणाले, "मशीन जुनी दिसते." मी म्हटलं, "लय जुनी." लग्न पार पडलं.

पितृपक्षात ती बाई पुन्हा आली. "तो तुकडा हाय ना, भाऊ? आयकवा." नुसतं ऐकायचं होतं, तरी साडभाऊंनी सवयीने पंखा बंद केला. तिने डोक्यावर पदर घेतला, नवरा समोर बसल्यासारखा. उस्ताद जेलचं सांगत होता, मध्येच खोकला आणि हाक मारली, "अवं, पाणी आन वं."

बाई उठून उभी राहिली.

साडभाऊंनी तिला खुणेनं बसवलं, स्वतः आत गेले आणि पाण्याचा पेला आणून मशीनजवळ ठेवला.

साडभाऊंना जाऊनही आता बरीच वर्षं झाली. टेपा माझ्या दुकानाच्या माळ्यावर आहेत. एवढ्या लोकांचे आवाज धरले, पण त्यांचा स्वतःचा आवाज त्यात एवढाच: "बोला उस्ताद, मी ऐकून राहिलो."