व्याह्यांच्या हातावरची आयात

आपल्या देशात काचेचा धागा कुठल्या मुलखातून येतो, कुणाकडून वाढला आणि कुणाकडून आटला, हे दिल्लीच्या सरकारला कळायच्या आधी कोल्हापुरात आमच्या व्याह्यांच्या उजव्या हाताला कळायचं. हे मी नात्याखातर सांगत नाही. मुलीचा बाप असलो तरी मी कुणाचं उगाच कौतुक करणारा माणूस नाही, आणि त्यांचं तर तोंडावर कधीच केलेलं नाही. शाळा मी चौथीत सोडली. पण फायबरच्या कामात माझं आयुष्य गेलंय. शिरोलीच्या माझ्या शेडमधून पाण्याच्या टाक्या, जनावरांच्या गव्हाणी, ट्रॅक्टरची टपं, गणेश मंडळांच्या कमानी आणि पुराच्या गावांसाठी नावा बाहेर पडल्या आहेत. तेव्हा ह्या विषयात मी बोललो तर माणसानं ऐकून घ्यावं.

ज्यांना हा धंदा ठाऊक नाही त्यांना एवढंच सांगतो की फायबर म्हणजे शेवटी काच. काचेचे केसासारखे बारीक धागे विस्कटून, एकमेकांना चिकटवून पांढरी चटई करतात. तिला आम्ही मॅट म्हणतो. साच्यात मॅट अंथरायची, वरून ब्रशनं रेझीन, म्हणजे वाळून घट्ट होणारं चिकट रसायन, पाजायचं, वाळलं की वस्तू तयार. मॅटनं रेझीन नीट प्यालं तर वस्तू लोखंडासारखी, नाही प्यालं तर पापडासारखी. आणि ही मॅट अंगाला लागली की खाजतं. असं खाजतं की नवा कामगार पहिल्या आठवड्यात पळून जातो. आम्ही सगळे ह्या खाजेला शिव्या देतो. आमचे व्याही तिचा अभ्यास करायचे.

ते मूळचे हुपरीचे. घरात चांदीचं काम, भाऊबंद सगळे पैंजणं घडवणारे. ह्यांनी तरुणपणी चांदी सोडली आणि काच धरली. भावकीला वाटलं, पोराच्या डोक्यावर परिणाम झाला. त्यांनी उद्यमनगरात मॅट आणि रेझीनचं दुकान टाकलं, राजारामपुरीत घर केलं, आणि शर्टाची उजवी बाही कोपराच्या वर दुमडली ती कायमचीच. नवा माल आला की मॅटचा तुकडा फाडायचा, उजव्या हातावर मनगटापासून कोपरापर्यंत घासायचा, खुर्चीत बसायचं, आणि डोळे मिटून वाट बघायची. गिऱ्हाईक ताटकळत उभं. मग डोळे उघडून निकाल द्यायचा, "चीन." नाहीतर, "थायलंड." त्या हाताला ते तेल लावत नसत, साबण लावत नसत. दिवाळीला आमच्या विहीणबाई उटणं लावायला बसल्या की हे उजवा हात दाराबाहेर काढून बसत. विहीणबाई चिडायच्या, "हातावर काय सरकारचा शिक्का हाय व्हय?" हे शांतपणे म्हणायचे, "सरकारला शिक्का लागतो. मला न्हाय लागत."

त्यांच्या मते प्रत्येक देशाची खाज वेगळी. चीनची खाज मोठ्या आवाजाची, दारात पाय ठेवल्याबरोबर भांडणारी, पण थोड्या वेळात गप्प होणारी. थायलंडची लाजरी, नखाला सापडत नाही. इजिप्तची जेवण झाल्यावर सुरू होते आणि झोपू देत नाही. बहारीनची आधी काहीच वाटत नाही, मग मनगटाकडून चढत जाते आणि कोपराशी येऊन थांबते. आणि आपल्या देशात झालेल्या मालाची? "ती घरच्यासारखी. खाजतंय हे ध्यानातबी येत न्हाय," असं ते म्हणत. मी ह्यावर त्यांच्याशी कायम भांडलो. मॅट ती मॅट आणि खाज ती खाज, हे माझं म्हणणं. पण उद्यमनगरातले आणि शिरोलीतले सगळे फायबरवाले माल उचलण्याआधी त्यांचा निकाल ऐकायला यायचे हे मात्र खरं. कारण कुठली मॅट रेझीन झटकन पिते आणि कुठली नखरे करते, हे त्यांना खाजेवरून कळायचं. एकदा पुण्याहून कंपनीचा एक टायवाला माणूस आला. व्याह्यांनी त्याची मॅट हातावर घासली आणि सांगितलं, "थायलंड." तो म्हणाला, "नाही काका, चीनचा माल आहे, हा कागद बघा." व्याही म्हणाले, "कागद चीनचा असंल. माल थायलंडचा हाय." दोघंही हटले नाहीत. कोण बरोबर होतं ते मला अजून माहीत नाही, पण त्या दिवशी दुकानातल्या सगळ्यांनी तो माल थायलंडचा म्हणूनच नेला.

शेतकरी पावसाबद्दल बोलतो तसं हे आयातीबद्दल बोलायचे. "औंदा इजिप्त चांगलं पडलंय." "बहारीननं वढ दिलीया." सरकारनं चीनच्या मालावर जादा कर बसवला तेव्हा ते मिसळ खाता खाता शेजारच्या अनोळखी माणसाला म्हणाले, "पावणं, आता बघा, चीन कमी हुतंय आन् इजिप्त फुगतंय. हिकडं बांध घातला की पाणी तिकडनं फुटतंय." त्या बिचाऱ्याला वाटलं, राधानगरी धरणाबद्दल चाललंय. तो म्हणाला, "व्हय की, आमच्याबी रानात शिरतंय." दोघांचं अर्धा तास उत्तम जमलं.

आमच्या पोरीला, वैशालीला, बघायला हे मुलाला घेऊन आले तेव्हाची गोष्ट सांगतो. माडीवर बसले, समोर माझ्या शेडमधला मॅटचा गुंडाळा उभा होता, तिकडं लक्ष गेलं आणि संपलं. आपल्या देशात पूर्वी माल कुठून यायचा, आता कुठून येतो, पवनचक्क्यांची पाती निघाल्यापासून आयात कशी चढली, पाहुण्यानं लग्नाच्या बोलणीत बोलू नये ते सगळं बोलून झालं. चहा झाला. "पसंत हाय," म्हणून उठले आणि चपला घालून जिना उतरायला लागले. माझी बायको आतून घाबरून ओरडली, "अवो, पावण्यांना पोरगी दाखवायची ऱ्हायली!" तेवढ्यात वैशालीच जिन्याच्या तोंडाशी गेली आणि होणाऱ्या सासऱ्याला म्हणाली, "मामा, मी हितं हाय." हे वर बघून म्हणाले, "आसूं दे बाळ, आता घरीच येणार हाईस की." पोरगा मात्र दोन पायऱ्या मागं आला. लग्न झालं.

पुढं नातवाच्या बारशाला सगळे जमलेले असताना ह्यांना मुंबईहून फोन आला, की लाल समुद्रात गडबड आहे, जहाजं आफ्रिकेला वळसा घालून येतायत. ह्यांचा चेहरा असा पडला की पाहुण्यांनी हळूच विचारलं, "कोण गेलं काय?" हे म्हणाले, "गेलं कोण न्हाय. लांबनं यायल्यात." पाळणा म्हणणाऱ्या बायकांना काही कळेना. त्यांनी आपला पाळणा चालू ठेवला.

ह्या सगळ्याची मी थट्टा करत आलो. गेल्या उन्हाळ्यात ती थट्टा थांबली. पंचगंगेकाठच्या एका गावासाठी मी नाव करत होतो. पावसाळ्याच्या आत द्यायची होती. व्याह्यांनी हातावर मॅट घासून सांगितलं, "इजिप्त हाय. डोळं झाकून वापरा." भांडायचं ते भांडलो, पण माल तोच नेला. नावेचं तोंड वळवून झालं, वाळलं, आणि साच्यातून काढल्यावर बघतो तर पुढच्या वळणावर पांढरे डाग. मॅटनं रेझीन प्यालंच नव्हतं. बोट घातलं तर भाकरीचा पापुद्रा सुटावा तसा थर सुटला. असली नाव पुरात गेली असती तर माणसं बुडाली असती. तो सुटलेला तुकडा घेऊन मी तसाच उद्यमनगरात गेलो. वाटेत काय काय बोलायचं ते सगळं जुळवून ठेवलं होतं.

दुकानात दोन गिऱ्हाइकं होती, वैशाली गल्ल्यावर. मी तुकडा टेबलावर आपटला. "पावणं, हे बघा तुमचं इजिप्त."

त्यांनी तुकडा घेतला, बघितला. मग मला दिलेल्याच गुंडाळ्यातली मॅट फाडून हातावर घासली. डोळे मिटले. परत घासली. परत. हात लाल झाला, रक्ताचे बारीक ठिपके आले, आणि हे घासतच होते. वैशाली गिऱ्हाइकांना म्हणाली, "दादा, जरा चार वाजता या." ते गेल्यावर व्याही म्हणाले, "पावणं, दिवाळीपास्नं हात गप्प हाय."

"म्हंजे?"

"म्हंजे काय बोलंना झालाय. मी अंदाजानं सांगतोय."

जुळवून आणलेलं सगळं बोलणं मला तसंच परत घेऊन जावं लागलं. जावई बाहेरगावी होता, म्हणून मीच त्यांना गाडीवर मागं बसवून राजारामपुरीतल्या डॉक्टरांकडं नेलं. डॉक्टर सुई टोचत विचारायचे, "लागतंय?" हे म्हणायचे, "न्हाय." "आता?" "न्हाय." मग ह्यांनीच विचारलं, "डॉक्टर, सुई कुठली हाय? आपल्याकडची का भायरची?" डॉक्टर हसले नाहीत. रक्तातल्या साखरेनं हाताची जाणीव गेली आहे, जपा, भाजलं तरी कळणार नाही, असं म्हणाले. व्याह्यांनी एकच विचारलं, "खाज परत येईल काय?" डॉक्टरांना असला प्रश्न कुणी केला नसावा. त्यांनी नकाराची मान हलवली.

परत दुकानात आलो तर हे म्हणाले, "बंद करतो. उद्यापास्नं शटर उघडायचं न्हाय." वैशालीनं समजावलं, की गुंडाळ्याबरोबर देशाचं नाव छापलेला कागद येतो, आजवर तो कुणी बघितला नाही, तो वाचून विकू. ते म्हणाले, "छापलेलं वाचून विकायला मी कशाला पायजे? लोक माझ्या शब्दावर माल नेत्यात. आन् शब्द हातावर हाय. अंदाजानं सांगून कुणाची नाव बुडवायची न्हाय मला." आणि त्यांनी शर्टाची उजवी बाही खाली सोडली. इतक्या वर्षांच्या दुमडीनं तिच्यावर आडव्या घड्या पडल्या होत्या, त्या काही सरळ होईनात. मला ते बघवलं नाही.

त्यांनी एकदा माझ्या हाताकडं बघितलं. मी म्हणालो, "ह्याची आशा सोडा. साचे घासून म्हशीचं कातडं झालंय."

तेव्हा वैशाली बांगड्या वर सारत म्हणाली, "मामा, माझा हात हाय की."

"खुळी काय तू? सुनंच्या हातावर काच घासायची? लोक शेण घालतील माझ्या तोंडात."

"लोक न्हाय घालत. लोकांना मॅट पायजे."

"पावणं," ते माझ्याकडं वळले, "तुमच्या पोरीला सांगा जरा."

आता लेकीच्या सासरच्या गोष्टीत बापानं तोंड घालू नये हे मला कळतं. पण मला विचारलं म्हणून मी बोललो. म्हणालो, "पोरगी तुमच्या घरात दिली. हातासकट दिली."

मग वैशालीनं कुणाची वाट न बघता त्याच गुंडाळ्यातला तुकडा आपल्या हातावर घासला. व्याही खुर्चीत पुढं सरकले. "कसं वाटतंय?"

"काय न्हाय अजून."

"थांब. आता?"

"आता मनगटाला टोचतंय. वर चढाय लागलंय."

"जळतंय का नुसतं टोचतंय?"

"नुसतं. मुंग्या चालल्यागत."

"आन् थांबतंय कुठं?"

वैशालीनं बोट ठेवून दाखवलं. "कोपराशी."

व्याह्यांनी डोळे मिटले. "बहारीन," म्हणाले. मग माझ्याकडं बघून, "पावणं, तुम्हाला बहारीन दिला मी इजिप्त म्हणून. त्यो वळणावर रेझीन पीत न्हाय. नाव फोडा. दुसरी करू." मी नाव फोडली. दुसरी केली, तिचा माल वैशालीच्या हातावरून आणि त्यांच्या तोंडून पास झाला, आणि ती पावसाळ्याच्या आत गावात गेली. पाणी चढलं तेव्हा तिनं गावातली म्हातारीकोतारी आणि एक म्हैस बाहेर काढली असं सरपंच सांगत होते. म्हशीचं मला पटत नाही.

तेव्हापासून दुकान असंच चाललंय. लोक येतात, वैशाली हात पुढं करते, हे विचारत जातात, ती सांगत जाते, आणि शेवटी देशाचं नाव हे घेतात. सुरुवातीला काही जण गालात हसले. मी तिथं बसलेलो असतो, आणि माझ्याकडं बघून फार वेळ कुणी हसत नाही. पोरीचा हात आता त्यांच्यापेक्षा बारीक सांगतो हे माझं मत आहे, पण मी ते तिथं बोलत नाही.

परवा एक नवाच गुंडाळा आला. वैशालीनं घासला आणि जरा गोंधळली. म्हणाली, "मामा, ही वेगळीच हाय. गार वाटतंय आधी. मग कातड्याच्या आतनं कायतरी सरकल्यागत." व्याह्यांनी परत परत विचारलं. कुठं सुरू होतं, कुठं थांबतं, नखाला सापडतं का. मग त्यांनी डोळे मिटले आणि बराच वेळ उघडलेच नाहीत. त्यांच्याकडं ह्या खाजेला नाव नव्हतं. कुठल्या तरी नव्या मुलखातून माल यायला लागला होता, आणि ह्यांचा हात त्या मुलखाला कधीच भेटलेला नव्हता. शेवटी म्हणाले, "कागद बघ ग, काय लिवलंय." वैशालीनं कागद वाचून नाव सांगितलं. ते त्यांनी दोनदा स्वतःशी म्हणून बघितलं.

गिऱ्हाईक गेल्यावर मी चहा सांगितला. व्याही खुर्चीत बसले होते, आणि डाव्या हाताच्या नखांनी उजवा हात सावकाश खाजवत होते, मनगटापासून कोपरापर्यंत. मला एकदम बरं वाटलं. म्हणालो, "काय पावणं, खाजतंय काय?"

"न्हाय," ते म्हणाले. "खाजंल म्हणून बघतोय."