इंग्लिश नाही, स्कॉटिश

मंगळवारी सकाळी ९.४० वाजता नायक सुधाकरला गोळी लागली. तो चांदूर रेल्वेचा, मी अकोल्याचा. आफ्रिकेत शांतिसेनेच्या कामावर असताना आमची तुकडी एका पुलाच्या दुरुस्तीला संरक्षण देत होती. ब्रिटिश सैन्याचे दोन इंजिनिअर सोबत होते: एक कॅप्टन आणि सार्जंट ॲलन.

रोज सहाला स्टँड-टू, म्हणजे हत्यारांसह मोर्चावर सज्ज राहणे; साडेसातला चहा. रेडिओ माझ्याकडे असे. मी ॲलनला इंग्लिश म्हणायचो. आपल्याकडे गोरा म्हणजे इंग्रज. एकदा त्याने चहाचा मग खाली ठेवला आणि म्हणाला,

"कॅप्टन इंग्लिश आहे. मी स्कॉटिश. माझा देश स्कॉटलंड."

सुधाकरने मला विचारले, "भाऊ, पासपोर्ट त एकच हाय ना यायचा? मंग देश दोन काहून?"

मी त्याचा प्रश्न इंग्रजीत सांगितला. ॲलन म्हणाला, दोन राज्ये करार करून एक झाली. करारात स्कॉटलंडने आपले कायदे आणि न्यायालये राखली. शाळाही वेगळ्या. फुटबॉलचा संघसुद्धा.

"समजलं," सुधाकर म्हणाला. "मले कोनी पुण्याचा म्हनलं त मी बी भडकतो."

"पण पुण्याचा आणि तुझा कायदा एकच ना?" मी म्हणालो.

"हाव. पन याले म्हना, आमची बोली आयकून पाय एकडाव!"

त्या मंगळवारी पलीकडच्या काठावरून फायर आला. ॲलन पडला. त्याला आडोशाला ओढताना सुधाकरच्या पोटात गोळी लागली. मी बेसला कळवले, "एक भारतीय, एक इंग्लिश जखमी. रक्त पाठवा. ओव्हर."

बेसवर सगळ्यांच्या रक्तगटांची यादी होती. "इंग्लिश म्हणजे कॅप्टन. ए पॉझिटिव्ह. कन्फर्म करा. ओव्हर."

मी 'हो' म्हणायला बटण दाबले. सुधाकर जमिनीवरून ओरडला, "भाऊ, इंग्लिश नाय! स्कॉटिश!"

मी ॲलनच्या गळ्यातला बिल्ला पाहिला. "करेक्शन. कॅप्टन नाही, सार्जंट. बी निगेटिव्ह. ओव्हर."

हेलिकॉप्टर १०.२५ला उतरले. ॲलनला त्याच्या गटाचे रक्त मिळाले. सुधाकर वाटेत गेला. मी आधीच नीट बोललो असतो, तर त्याला ओरडावे लागले नसते.

गेल्या वर्षी ॲलन चांदूरला आला. सुधाकरच्या आईने त्याला बराच वेळ पाहिले.

"हाच का रे तो? सुधानं फोनवर सांगतलं होतं, याले इंग्रज म्हनू नको. बस बापा. जेवून जा."

ॲलन काठी घेऊन चालतो. दर रविवारी तो सुधाकरच्या आईला फोन करतो. त्यांना एकमेकांची भाषा येत नाही, म्हणून मी लाइनवर असतो.