दहा टोप्यांचा डबा

एलियाझ झिराडकर ऊर्फ एलूकाका यांच्याकडे शॉर्टब्रेडचा एक जुना पत्र्याचा डबा आहे. त्यात बिस्किटं नसतात, दहा टोप्या असतात.

महिन्याच्या पहिल्या रविवारी काही बेने इस्रायली घरं, म्हणजे कोकणातली मराठी बोलणारी ज्यू मंडळी, लंडनमधल्या स्टॅनमोरला भाड्याच्या हॉलमध्ये प्रार्थनेला जमतात. दहा ज्यू पुरुष जमल्याशिवाय काही प्रार्थना म्हणताच येत नाहीत. गेलेल्या माणसासाठी म्हणायचं कद्दीश त्यातलंच. शिवाय माणसं एक, दोन, तीन अशी मोजायची नाहीत, हाही रिवाज. यावर एलूकाकांनी तोडगा काढला. ते दारात डबा घेऊन उभे राहायचे. घरून टोपी घालून आलेल्यालाही ती खिशात ठेवून डब्यातली घालावी लागे. शेवटची टोपी एलूकाकांची. डबा रिकामा झाला की ते झाकण दोनदा वाजवत आणि प्रार्थना सुरू होई.

बस डेपोत तीस वर्षं ड्रायव्हरांच्या ड्यूट्या लावलेला माणूस. कोण आजारी पडणार, कुणाच्या सासूचं ऑपरेशन निघणार, हे त्यांना आधी कळायचं. गुरुवारपासून फोन सुरू. रीडिंगहून कोण येतंय, स्लाऊहून कुणाला लिफ्ट हवी, सगळं तोंडपाठ. बावीस वर्षांत एकाही घराचं कद्दीश त्यांनी अडू दिलं नव्हतं.

यामागचं गुपित साधं होतं. एलूकाका कुणालाच 'नाही' म्हणत नसत. प्रार्थनेनंतर चहाबरोबर सगळ्या जगाचा कारभार व्हायचा. अमेरिका कधी हात वर करील, इराणच्या मागे रशिया किती उभा राहील, चीन तेल कुणाकडून घेतो, याचे निकाल समोसा संपायच्या आत लागत. विमा कंपनीतून रिटायर झालेला रूबेन कोर्लेकर म्हणायचा, "आज आपण कच खाल्ली तर उद्या आपलं नाव राहणार नाही." एलूकाका म्हणायचे, "बरोबर आहे." रीडिंगचा निस्सीम तळकर, शाळेत केमिस्ट्री शिकवलेला, म्हणायचा, "आपल्या नावावर हे जे चाललंय त्याची लाज वाटते." एलूकाका म्हणायचे, "तेही खरंच." दोघांनाही वाटायचं, एलू आपला माणूस.

फक्त त्यांच्या बायकोला, मिल्काला, हे पटत नसे. "अहो, भीड भिकेची बहीण," ती म्हणायची. शेवटच्या आजारपणात, हॉस्पिटलमध्ये भेटायला आलेल्या प्रत्येकाच्या प्रत्येक सल्ल्याला एलूकाका मान डोलावत होते, तेव्हा ती कंटाळून म्हणाली, "एकदा तरी माझ्यादेखत कुणाला तरी नाही म्हणा." ते त्यावरही "बरं" म्हणाले. मिल्का गेली, आणि ते राहून गेलं. याची बोच त्यांना होती, आणि ती बारीक नव्हती.

मग जून उजाडला. इराण आणि इस्रायल एकमेकांवर क्षेपणास्त्रं टाकू लागले, मागून अमेरिकेची विमानं गेली. त्याच आठवड्यात रूबेनने एक पत्र पाठवलं: या घडीला ब्रिटनमधल्या ज्यूंनी इस्रायलच्या सरकारच्या पाठीशी बिनशर्त उभं राहावं. "सही कर, एलू." एलूकाकांनी केली. चार दिवसांनी निस्सीमचं पत्र आलं: युद्ध थांबवा, ओलिसांना घरी आणा, गाझात अन्न जाऊ द्या, या सरकारला आमचा पाठिंबा नाही. "तुझं नाव हवंच." एलूकाकांनी तेही दिलं. त्यांना वाटलं, पत्रांचं काय, कोण वाचतंय.

समाजाच्या पत्रिकेने दोन्ही पत्रं समोरासमोरच्या पानांवर छापली. डाव्या पानावर खाली एलियाझ झिराडकर, स्टॅनमोर. उजव्या पानावरही एलियाझ झिराडकर, स्टॅनमोर. बाकीची सगळी नावं वेगळी.

फोन बंद पडावा तशी शांतता झाली. दोन्हीकडचे लोक आपसांत भांडतच होते, एलूकाकांवर मात्र त्यांचं एकमत झालं. आणि दोन आठवड्यांवर मिल्काचं वर्ष आलं होतं. तारीख नेमकी महिन्याच्या पहिल्या रविवारीच पडत होती. बावीस वर्षं दुसऱ्यांसाठी दहा जमवणाऱ्याला स्वतःच्या बायकोसाठी रिसीव्हर उचलायची लाज वाटली. शेवटी त्यांनी फोन केले. "मिल्काचं वर्ष आहे" एवढंच सांगितलं, 'या' म्हणायचा धीर झाला नाही.

त्या रविवारी शेजारच्या जयंतने त्यांना गाडीतून हॉलवर सोडलं आणि तोही मागच्या खुर्चीत बसला. जयंत सदाशिव पेठेतला. त्याला यातलं काही कळत नसे, पण मिल्काने त्याच्या मुलांना सांभाळलं होतं.

मंडळी आली. मिल्काच्या हातचा गव्हाच्या चिकाचा हलवा खाल्ला नाही असा त्यांच्यात कुणी नव्हता. रूबेन आणि त्याच्या बाजूचे मिळून पाच जण खिडकीकडे बसले, निस्सीमकडचे चार भिंतीकडे. कुणी एलूकाकांकडे बघितलं नाही, पण टोप्या घेतल्या. शेवटची टोपी त्यांनी स्वतः घातली. डबा रिकामा झाला. त्यांचे डोळे भरून आले. त्यांनी झाकण वाजवलं.

रूबेन उभा राहिला. "सुरू करायच्या आधी एक सांग, एलू. कुठली सही खरी?"

"रूबेन, आज नको," निस्सीम म्हणाला.

"आजच हवं. माझा मुलगा अरिएल तिथे सैन्याच्या रिझर्व्हमध्ये आहे. तीन आठवडे मी त्याचा आवाज ऐकला नाही. माझ्या शेजारी बसून कोण काय मनात ठेवतोय, ते मला कळू दे."

एलूकाकांच्या जिभेवर नेहमीचं उत्तर तयार होतं. दोन्ही बाजूंत तथ्य आहे म्हणायचं, रूबेन कुरकुरत बसला असता, आणि पाच मिनिटांत मिल्काचं कद्दीश झालं असतं. हे त्यांना लख्ख दिसत होतं. त्यांनी हातातलं प्रार्थनेचं पुस्तक मिटलं.

"निस्सीमच्या पत्रावरची," ते म्हणाले. "माझी बहीण इस्रायलमध्ये, अश्दोदला असते. सायरन झाला की दुखरे गुडघे घेऊन शेल्टरचा जिना उतरते. तिच्या काळजीने मला झोप नाही. आणि टीव्हीवर गाझातली उपाशी पोरं दिसली की माझा घास उतरत नाही. ते सरकार चुकतंय, रूबेन. तुझ्या पत्रावर मी भिडेपोटी सही केली. ती मी करायला नको होती."

रूबेन कोट घेऊन निघून गेला. त्याच्या बाजूचे दोघे अर्धवट उठले आणि पुन्हा बसले.

मागून जयंत हळूच म्हणाला, "काका, एकाचाच प्रश्न असेल तर मी येऊन बसतो की."

"नाही रे," एलूकाका म्हणाले, "तसं चालत नाही." एका सकाळी दोनदा 'नाही', याचं त्यांना स्वतःलाच नवल वाटलं.

कद्दीश झालं नाही. दहा नसताना जी स्तोत्रं वाचता येतात ती निस्सीमने वाचली. सगळ्यांनी बाजारातून आणलेला हलवा खाल्ला आणि तो चांगला नव्हता हे कुणी बोललं नाही. घरी येऊन एलूकाकांनी डबा उघडला, तर आत नऊच टोप्या. रूबेन टोपी डोक्यावर घेऊनच गेला होता.

मंगळवारी संध्याकाळी फोन आला.

"तुझी टोपी माझ्याकडे राहिली," रूबेन म्हणाला.

"हो."

"अरिएलचा फोन आला काल. बरा आहे."

"बरं झालं. फार बरं झालं, रूबेन."

मग रूबेन म्हणाला, "मिल्कावहिनीचं कद्दीश माझ्यामुळे राहिलं."

अशा वेळी माणूस 'छे छे, तसं काही नाही' म्हणतो. एलूकाका तर जन्मभर तेच म्हणत आले होते.

"हो," ते म्हणाले, "तुझ्यामुळे राहिलं. पुढच्या महिन्याच्या रविवारी ये. टोपी घेऊन ये."