केराबाई या नावाची शहानिशा

माझ्या थोरल्या बहिणीचं नाव केराबाई. आमच्या भागात केराबाई, धोंडाबाई अशी नावं गल्लोगल्ली सापडायची, कुणाला त्यात काही वाटायचं नाही.

बहात्तरचा दुष्काळ सरला आणि गावात दूध सोसायटी आली. रोज सकाळी बहीण किटली घेऊन दूध घालायला जायची. एक दिवस तिथला नवा, शिकलेला सेक्रेटरी हसत म्हणाला, "केर म्हणजे कचरा. आईबापाला पोरगी नको असेल, दुसरं काय?" मेल्याच्या जिभेला हाड म्हणून नव्हतं. बहिणीनं घरी येऊन किटली आदळली आणि मायला विचारलं, "म्या नको होते का तुला?"

मायनं सांगितलं. तिच्या आधीची दोन लेकरं गेली होती. म्हणून रीतीप्रमाणं हिला सुपात घालून उकिरड्यावर ठेवली. माय मागं न बघता घरात आली, शेजारणीनं पोर उचलली आणि मायनं ती ओंजळभर जोंधळ्यावर विकत घेतली. टाकून दिलेल्या पोरीला काळ कशाला नेईल? नाव त्यावरनंच पडलं.

मला पटलं, बहिणीला नाही. "समजूत घालतीया," म्हणाली. लग्न ठरत आलेलं आणि ही धड जेवेना. शेवटी तिनंच काढलं, त्या शेजारणीला विचारायचं. ती मावशी आता लेकाकडं तेर गावाला राहायची. बहिणीनं मला सोबत घेतलं आणि बजावलं, "तू तोंड उघडायचं न्हाय. काय झालतं ते मावशीलाच सांगू द्यायचं." मी गप्प बसायचं म्हणजे काय खायचं काम आहे? पण बसले.

मावशी अंगणात तूर पाखडत होती. बहिणीनं विचारलं, "मावशी, माझं नाव असं का ठेवलं, तुमाला ठावं हाय का?"

मावशीला हसूच आलं. "तुज्या मायनं सगळा घोटाळा केला की गं. सूप उकिरड्यावर ठेवलं, म्या उचलायला निघाले, तर मागं बघायचं न्हाय ते बघून ही पळतच आली. म्या पोचायच्या आत तुला उराशी धरून बसली. म्या म्हनलं, बाई, टाकल्याबिगर म्या उचलू कशी? तर म्हनली, जोंधळं घ्या, पर पोर माझ्यापशीच ऱ्हाऊ द्या. रीत मोडली म्हनून लई भ्याली होती. कुनाला सांगू नका म्हनली."

येताना एसटीत बहीण खिडकीकडं तोंड करून रडत होती, मधेच हसत होती. खरं सांगते, मला हेवा वाटला. माझं नाव कॅलेंडरात बघून ठेवलेलं. माझ्यासाठी कुणी उकिरड्याकडं धावलं नव्हतं.

घरी माय भाकरी थापत होती. बहीण तिच्या गुडघ्याला गुडघा लावून बसली.

"माय, तू मला टाकलीच न्हाईस म्हनं."

मायचा हात परातीत थांबला. इतकी वर्षं मनात धरलेलं भ्या तिच्या तोंडावर दिसलं. "मावशीनं सांगितलं व्हय?" एवढंच म्हणाली.

"रीत मोडली तर मोडली," बहीण म्हणाली. "म्या जगले की."

माय पिठाच्या हातांनीच तिचं तोंड कुरवाळत राहिली. तव्यावरची भाकरी करपली, तरी कुणी उठलं नाही.